लाटणं थांबलं की दोन खुणा

दिवा पूर्व
९ जून २०२४

काकू,

तुमचं पाकीट धाकूकाकांनी काल आणून दिलं. नमस्कार करायचा राहिला, तो आता करते. अक्षराला हसू नका. सहावीनंतर पेन धरलं ते तुमच्याच ओट्यावर, ते पण किराण्याची यादी लिहायला.

तुम्हाला चॅनलने परत बोलावलं, नवीन मालिका दिली, सव्वीस एपिसोड, हे वाचून मी जोरात ओरडली. सासू बोलली, "काय झाला गो, लॉटरी लागली?" मी बोलली, तसंच समजा. "कुणीतरी पाळणा हलवा" हे नाव मस्त आहे. सात माणसांचं घर, एक बाळ, आणि पाळणा हलवायला कोणाला टाइम नाय. आमच्याकडे तर पाळणा टांगायला जागा नाय.

फोन करणार होती. पण आमची खोली तुम्ही बघितली नाय. मी फोनवर बोलली की सासूला कळतं, बाजूच्या मालनवहिनीला पण कळतं, आणि ती मधेच भिंतीपलीकडून उत्तर देते. म्हणून लिहिते. आमच्या खाली राहणारे धाकूकाका तुमच्या शूटिंगला कपडे सांभाळायला जातातच. पत्र त्यांच्या पिशवीतून येईल.

पहिला एपिसोड वाचला. तुम्ही सांगितलं तसंच केलं. जिथे हसली तिथे लाल पेन्सिलने बरोबरची खूण. अकरा झाल्या. तुमच्याकडे मी पोळ्या लाटायची आणि तुम्ही वाचून दाखवायच्या. मी हसली की एक खूण, लाटणं थांबलं की दोन. इकडे मी टँकरच्या लाइनीत हंडा ठेवून वाचला, लाटणं कुठून आणू? म्हणून सगळीकडे एकेकच केली.

नवीन बाई माया प्रत्येक पानाला "छान आहे हं" बोलते असं तुम्ही लिहिलंय. तिच्यावर चिडू नका. पहिलं वर्षभर मी पण तुम्हाला घाबरायची.

सूरज दहा महिन्यांचा झाला. एकदम शांत बाळ आहे. कुकरच्या तीन शिट्ट्या झाल्या तरी डोळा उघडत नाय. सासू सगळीकडे सांगते, "असा पोर नशिबान गावता."

संचिता


नौपाडा, ठाणे
१४ जून २०२४

प्रिय संचिता,

अकरा! अगं, "तिसरा मजला, डावीकडे"च्या पहिल्या भागाला तुझ्या नऊ खुणा होत्या आणि ती मालिका सहाशे बारा भाग चालली. तुझं पत्र हातात घेऊन मी घरभर फिरले. मायाला वाटलं, बाईंना बरं वाटत नाहीये.

तुला खरं सांगते, मी घाबरले होते. गेलं सव्वा वर्ष मी घरी बसून आहे. माझ्या वयाच्या लेखिकेला चॅनलवाले चहा देतात, "मॅम, आम्ही तुमचं बघतच मोठे झालो" म्हणतात आणि लिफ्टपर्यंत सोडायला येतात. या वेळी ऋजुता नावाची मुलगी आहे, सव्वीस-सत्तावीस वर्षांची. हुशार आहे. प्रत्येक विनोद वाचून विचारते, "मॅम, फनी आहे, पण रिलेटेबल आहे का?" मी तिला सांगितलं, माझी एक बाई आहे, ती हसली की महाराष्ट्र हसतो. तिला वाटलं मी गंमत करतेय.

तुला कधी सांगितलं नसेल. मी बँकेत होते तेव्हा दुपारच्या सुट्टीत प्रवेश लिहायचे आणि ते शिपाई-कारकुनांना जेवताना वाचून दाखवायचे. कोण डबा खायचं थांबतंय, त्यावर माझं लक्ष. मोठी माणसं "उत्तम" म्हणायची त्यावर माझा कधीच विश्वास नव्हता. हात थांबला पाहिजे. पुढे मी निर्माती झाले, दिवाणखान्याचं ऑफिस झालं, पण ऐकायला कुणीतरी हात चालणारं माणूस लागायचंच. तू आलीस तेव्हा सोळा वर्षांची होतीस. पहिल्याच आठवड्यात हसता हसता पोळी करपवलीस. त्याच दिवशी मी ठरवलं, ही.

आता एक काम कर. घरात बाळ असलं की काय काय घडतं, ते मला लिहून पाठव. क्षुल्लक वाटेल तेही. सलिल लहान होता तेव्हा मी दिवसा बँकेत आणि संध्याकाळी तालमीला. त्याला माझ्या सासूबाईंनी वाढवलं. मी बाळावर मालिका लिहायला घेतलीय आणि मला बाळातलं काही कळत नाही, हे ऋजुताला कळता कामा नये.

दुसरा आणि तिसरा भाग सोबत आहेत.

तुझी,
मंदाकाकू


दिवा पूर्व
२ जुलै २०२४

काकू,

दोन्ही भाग परत पाठवले. एकाला दहा, एकाला बारा खुणा.

दुपारी दोनला आमच्याकडे "तिसरा मजला" परत लागते. मालनवहिनी मुद्दाम आमच्याकडे येऊन बघते. तुम्ही मला स्टुडिओत नेऊन माझं हसणं टेप केलेलं ना, ते तिने ओळखलं. शेवटी उचकी लागते ती माझीच. आता ते वाजलं की सगळ्या जणी टीव्ही सोडून माझ्याकडे बघतात आणि बोलतात, "हास गो, परत हास." मला लाज वाटते. सूरज मात्र खाली कपड्यांचे चिमटे घेऊन बसलेला असतो. तो काय बघत नाय.

तुम्ही गंमत लिही बोलल्या म्हणून परवाची लिहिते. तो आमच्याकडे पाठ करून बसलेला. सासूने हाक मारली, नाय बघितलं. मालनवहिनीने मारली, नाय. सुदेश कामावरून आलेला, त्याने टाळ्या वाजवल्या. मग मी ताट आणि पळी घेऊन मागे उभी राहिली आणि धाडधाड वाजवलं. समोरच्या बिल्डिंगमधून एक बाई खिडकीत आली. पण आमचे साहेब चिमट्याला चिमटा लावतायत. सुदेश बोलला, "हे सरकारी साहेब आहेत. मागून ओरडून काम होत नाय, समोर जाऊन उभं राहायचं." मग तो समोर जाऊन बसला, तर हे खुदकन हसले. सगळे एवढे हसलो. सासूच्या डोळ्यांत पाणी आलं.

टँकर आता एक दिवसाआड येतो.

काकू, एक विचारायचं होतं. सलिलदादा किती महिन्यांचे असताना हाक मारली की मागे बघायचे? असंच विचारते.

संचिता


नौपाडा, ठाणे
१० जुलै २०२४

संचिता, अगं सोन्यासारखी बाई,

सरकारी साहेब! मी स्वयंपाकघरात उभ्या उभ्या वाचलं आणि मला ओट्याला धरावं लागलं. त्याच दिवशी चौथा तसाच बाजूला ठेवून पाचवा भाग लिहून काढला. सगळं घर एकेक करून बाळाच्या मागे उभं राहतं. आजोबा शंख फुंकतात, काका मोटारसायकलचा हॉर्न काढून आणतो, आत्या तिचं न चाललेलं गाणं म्हणते, शेवटी आई ताट बडवते. बाळ ढिम्म. आणि तुझ्या नवऱ्याचं वाक्य जसंच्या तसं. त्याला सांग, काकूंनी चोरलं.

ऋजुताने वाचलं आणि पहिल्यांदाच रिलेटेबलचं विचारलं नाही. चॅनलला हा प्रवेश इतका आवडलाय की जाहिरातीत तोच दाखवायचं म्हणतायत. या एका भागावर मालिका उभी राहील, असं माझं मन सांगतंय.

सलिलचं म्हणशील तर मला खरंच आठवत नाही गं. सासूबाईंना विचारायला हवं होतं, त्या आता नाहीत.

भाग सोबत आहे. या वेळी खुणा मोजायला मला हातापायांची बोटं पुरायची नाहीत, बघ तू.

मंदाकाकू


नौपाडा, ठाणे
४ ऑगस्ट २०२४

संचिता,

तीन आठवडे झाले. पाचवा भाग परत आला नाही. धाकू म्हणाला, तू त्याला जिन्यात भेटलीस आणि "अजून वाचला नाय" म्हणून घाईने वर गेलीस. तुला वाचायला एवढा वेळ कधी लागत नाही.

तारखा ठरलेल्या होत्या, त्यामुळे तुझ्या खुणांशिवायच चित्रण करावं लागलं. इतक्या वर्षांत हे पहिल्यांदा झालं. चांगलं झालंय. दिग्दर्शक, कॅमेरामन, सगळे हसत होते. आता संकलन चालू आहे. पुढच्या आठवड्यात हशा टाकायचा. नवीन कुणाचा घ्यायचा नाही, तुझीच जुनी टेप काढून ठेवलीय.

सासरी कुणी पत्रांवरून बोललं का? की माझ्या कामाचा तुला त्रास होतोय? तसं असलं तर सरळ सांग, मला वाईट वाटणार नाही. मालिकेतली सासू उगाच खाष्ट केली म्हणून तुझ्या सासूबाई रागावल्या असतील, तर ती मऊ करते.

मंदाकाकू


दिवा पूर्व
११ ऑगस्ट २०२४

काकू,

सासूचा काय दोष नाय. ती मऊच आहे.

पाचवा भाग परत पाठवते. त्यावर एक पण खूण नाय. मी केली नाय.

आता सगळंच सांगते. आधीच्या तीन भागांवरच्या खुणा पण खोट्या आहेत. मी एकदा पण हसली नाय. पण इतकी वर्षं तुमचं ऐकलंय, हसायचं कुठे ते मला कळतं. भाजीत मीठ न चाखता अंदाजाने टाकतो तशा मी खुणा केल्या. तुम्ही एवढ्या आशेने पाठवलेलं. मी लिहिलं असतं की हसू येत नाय, तर तुम्ही स्वतःचं लिखाण फाडलं असतं. मला माहीत आहे तुम्ही फाडता. लिखाणात काय वाईट नाय. माझंच हसू गेलंय.

काकू, सूरजला ऐकू येत नाय असं मला वाटतं.

वाटतं नाय. मला माहीत आहे. पाच महिन्यांचा होता तेव्हा हातातून टोप पडला. मोठा टोप. सासू दचकली, मी दचकली, तो पंख्याकडे बघत होता. तेव्हापासून मी रोज बघते. सासू खाली गेली की मागून डबा वाजवते, शिट्टी वाजवते. त्या दिवशी ताट पण मी गंमत म्हणून घेतलं नव्हतं. सगळे हाका मारत होते, मला वाटलं आज तरी वळेल, म्हणून जीव तोडून वाजवलं. मग सुदेश तसं बोलला आणि सगळे हसले. मी पण हसली. नाय हसली असती तर सगळ्यांना कळलं असतं. तुम्हाला पण गंमत म्हणूनच लिहिलं. मला वाटलं तुम्ही एवढ्या हुशार, तुम्हाला वाचून कळेल, आणि मला तोंडाने बोलायला लागणार नाय.

सासूला एकदा भीत भीत बोलली, हा वळत नाय. ती बोलली, "आमचो सुदेश चार वर्सांचो होईसर बोलूक नव्हतो. आता बग, गप रवणा नाय."

अजून एक आहे, ते कोणालाच माहीत नाय. सूरज पोटात होता, तिसरा महिना, तेव्हा मला ताप आलेला, अंगावर लाल पुरळ. तुमच्या "तिसरा मजला"चा शेवटचा आठवडा होता. तुम्ही रोज रडत लिहायच्या आणि मला वाचून दाखवायच्या. मी लांब बाहीचा ब्लाउज घालून यायची आणि गोळी खाऊन पोळ्या लाटायची. तुम्हाला सांगितलं नाय, सुदेशला पण नाय. आता मालनवहिनीच्या फोनवर एका डॉक्टरचं बोलणं ऐकलं, पोटात असताना आईला तसा ताप आला तर बाळाच्या कानावर जातो. म्हणजे मीच केलं. डॉक्टरकडे गेली तर तो पहिलं हेच विचारणार, सासूसमोर. म्हणून मी जात नाय. आणि नाय गेली तर दिवस जातायत. तो डॉक्टर बोलत होता, जेवढं लवकर तेवढं बरं. तो आता एक वर्षाचा होतोय.

तुम्ही लिहिलंय, त्या सीनवर माझी जुनी टेप लावणार. काकू, दोनच्या टायमाला इकडे सगळ्या जणी तो आवाज ओळखतात. आई ताट बडवते, पोर वळत नाय, आणि मागून मी हसते. असंच दिसेल ना?

तुमचं काम थांबवा असं मी बोलत नाय. तुम्ही सव्वा वर्ष वाट बघितली आहे. पण माझं हसणं त्याला लावू नका. दुसऱ्या कोणाचं पण लावा.

संचिता


नौपाडा, ठाणे
१२ ऑगस्ट २०२४

संचिता,

धाकूला खाली थांबवून ठेवलंय, म्हणून थोडक्यात.

तू मला विचारलं होतंस, सलिल किती महिन्यांचा असताना वळून बघायचा. तो प्रश्न वाचून मी पुढे गेले, कारण मला पाचवा भाग दिसत होता. बाकी काही दिसत नव्हतं. हे माझं मला बघू दे. तू त्यावर काही लिहू नकोस.

ठाण्यात लहान मुलांचे कान तपासणाऱ्या एक डॉक्टर आहेत. मी फोन केला. पुढच्या सोमवारी अकरा वाजता वेळ मिळालीय.

शनिवारी दुपारी मी दिव्याला येते. सासूबाईंना एवढंच सांग, मालिकावाली मंदाकाकू बाळाच्या वाढदिवसाचं घेऊन येतेय. बाकीचं काय बोलायचं ते मलाही अजून माहीत नाही. तापाबद्दल मी कुणाला बोलणार नाही. ते तुझं आहे. सांगायचं तेव्हा सांग, नाही तर सांगू नकोस.

घाबरू नकोस म्हणत नाही. घाबरलीस तरी ये.

मंदाकाकू


दिवा पूर्व
१ सप्टेंबर २०२४

काकू,

तुम्ही घरी आणि दवाखान्यात दोन्ही वेळेला होता, तरी लिहिते, कारण काही गोष्टी तुम्ही गेल्यावर झाल्या.

तुम्ही आलात त्या दिवशी मी दाराआड उभी होती. मला वाटलं तुम्ही सासूला समजावणार, ती चिडणार, आणि सगळं माझ्यावर येणार. तुम्ही तर तिच्या बाजूला जमिनीवर बसलात आणि बोललात, "रखमाबाई, मला बाळांमधलं काही कळत नाही. माझा मुलगा माझ्या सासूने वाढवला. तुम्ही सहा पोरं वाढवलीत. ही वळायला कधी लागतात हो?" सासू खुश. बोलली, "चार म्हयन्यात. पाच म्हणजे डोक्यावरून पाणी." आणि बोलता बोलता तीच गप्प झाली. भिंतीपलीकडून मालनवहिनी पण नाय बोलली.

मग सासू उठली. सूरजच्या मागे जाऊन उभी राहिली. "बाबू," बोलली. "अरे बाबू." तिसऱ्यांदा तिचा आवाज फुटला. तिने डोळे पुसले आणि मला बोलली, "चल गो. खय जावचा ता सांग."

तुम्ही गेल्यावर ती मला काय बोलली माहीत आहे? "तू पाणी भरूक गेलंस काय मी पण टोप वाजवून बघी." मी कपाळाला हात लावला. सुदेश कोपऱ्यात जेवत होता. तो मान खाली घालूनच बोलला, "मी फोनवर फुल आवाजात गाणं लावायचो." काकू, एका खोलीत तिघं जण. प्रत्येकाने दुसरा खाली गेला की वाजवून बघितलंय आणि प्रत्येकाने दुसऱ्यासाठी लपवलंय. त्या सरकारी साहेबाच्या वेळेला तिघं पण घाबरून हसत होतो.

तपासणीचं तुम्हाला माहीतच आहे. त्याला औषध देऊन झोपवलं, डोक्याला वायरी लावल्या. दोन्ही कानांना खूप कमी आहे. डॉक्टरीणबाईंनी तापाचं विचारलंच. सासू बाजूलाच होती. मी हो बोलली. त्या बोलल्या, त्याने असेल, नसेल पण, आता नक्की कोणी सांगू शकत नाय, आणि ताप येणं ही कोणाची चूक नाय. बाहेर आल्यावर मी सासूच्या तोंडाकडे बघत होती. ती बोलली, "ताप आंगार काढून पोळयो लाटलंस? एवढा येडा माणूस मी बघूक नाय." आणि रिक्षात माझा हात धरून बसली. दिवा येईपर्यंत सोडला नाय.

आता मशीन बसवायचं आहे. नंतर लागलं तर ऑपरेशन. तारीख भेटली की कळवते.

तुमच्या मालिकेचं काय झालं? तुम्ही त्या दोन्ही दिवशी एक शब्द पण बोलला नाय. जाहिरातीत तो सीन दिसला नाय. धाकूकाकांना विचारलं तर बोलले, "मॅडमना विचार."

संचिता


नौपाडा, ठाणे
२२ सप्टेंबर २०२४

प्रिय संचिता,

धाकू गप्प बसला याचं मला आश्चर्य वाटतं.

पाचवा भाग मी काढून घेतला. चॅनलवर जाऊन सांगितलं की हा दाखवायचा नाही. कारण विचारलं. मी म्हटलं, त्यातल्या बाळाला ऐकू येत नाही. ऋजुता म्हणाली, "मॅम, पण तो तर कॅरेक्टर आहे." बरोबरच होतं तिचं. मी इतकी वर्षं लोकांना हेच सांगत आलेय. शेजारीण चिडली, दीर चिडला, बँकेतले साहेब दोन वर्षं बोलले नाहीत. प्रत्येकाला मी म्हणाले, अहो, ते पात्र आहे, तुम्ही नव्हे. त्या दिवशी मात्र मला ते म्हणता आलं नाही. मग ऋजुताच उठली आणि तिच्या साहेबांना काहीतरी सांगून आली. मुलगी वाईट नाही.

व्हायचं ते झालं. जाहिरात दुसरीच केली, ती पडली. सव्वीसचे तेरा भाग झाले आणि वेळ रात्री साडेदहाची मिळाली. दहा वर्षांपूर्वी मी आकांत केला असता. या वेळी घरी येऊन मायाच्या हातचं पिठलं खाल्लं.

दुसरं म्हणजे, तुझी टेप मी कपाटात ठेवून दिली. या मालिकेला हशाच लावला नाही. आता वर्तमानपत्रात एकाने लिहिलंय की "ज्येष्ठ लेखिकेने हास्यध्वनी टाळून ताजेपणा आणला आहे." चॅनलवाले खुश, म्हणतायत मॅम, किती प्रीमियम वाटतं. आयुष्यभर नवीन काही करायला गेले तेव्हा मार खाल्ला आणि न करता ताजी झाले.

परवा तुझे पहिले तीन भाग काढून बसले. त्या खोट्या खुणा. अगं, एकही चुकीच्या जागी नाही. चित्रीकरणात लोक बरोबर तिथेच हसले. मी लिहायला बसते तेव्हा मीही हसत नाही, तुझ्यासारखाच अंदाज करते. म्हणजे मी इतकी वर्षं जे करत आलेय, तेच तू करून दाखवलंस आणि मला कळलं नाही. एक सुद्धा दुहेरी खूण नव्हती. लाटणं नव्हतं म्हणून नसेल, असं मी समजले. तुझा हात थांबला नाही हे मला तेव्हाच दिसायला हवं होतं.

सलिलला फोन केला होता. त्याला विचारलं, तुझ्या लहानपणी मी मागून हाक मारली की तू वळायचास का रे? तो म्हणाला, "आई, तू हाक मारायचीस तेव्हा बहुतेक दारातून बाहेर पडत असायचीस." मग म्हणाला, "पण वळायचो." बराच वेळ बोललो आम्ही.

मशीनच्या दिवशी मी येऊ का? नको असेल तर नको म्हण.

मंदाकाकू


दिवा पूर्व
८ डिसेंबर २०२४

काकू,

तुम्हाला ताप होता म्हणून काल येता आलं नाय. वाईट वाटून घेऊ नका. अंगावर काढू नका म्हणजे झालं. कोणीतरी मला पण हे सांगायला पाहिजे होतं.

काल मशीन बसवलं. दोन्ही कानांना. दवाखान्यात डॉक्टरीणबाईंनी डमरू वाजवला, हाका मारल्या. त्याने नुसत्या भुवया वर केल्या आणि मशीन ओढायला गेला. त्या बोलल्या, एका दिवसात होत नाय, धीर धरा, त्याच्यासाठी आवाज म्हणजे काय हेच नवीन आहे. मी हो हो बोलली. पण खरं सांगू, रिक्षात बसून मी रडली. मला वाटलेलं मशीन लावलं की तो वळेल.

घरी आलो. सासूने डाळभाताचा कुकर लावला. मी पोळ्या करायला बसली. सुदेश कपडे बदलत होता. मालनवहिनी दारात उभी राहून विचारत होती, ऐकतो काय गो, ऐकतो काय? मी बोलली, वेळ लागतो. सूरज माझ्याकडे पाठ करून बसलेला, तेच चिमटे घेऊन.

आणि शिट्टी झाली.

काकू, तो एवढा दचकला की दोन्ही हातातले चिमटे उडाले. एक मालनवहिनीच्या केसात. त्याने इकडे बघितलं, तिकडे बघितलं, कुकरकडे बघितलं आणि असं भोकाड पसरलं की विचारू नका. रांगत येऊन माझ्या मांडीत तोंड घातलं. सासूने धावत जाऊन गॅस बंद केला आणि कुकरलाच ओरडली, "गप रे मेल्या, आमचो बाबू घाबारलो!" सुदेश एक पाय पॅन्टीत, एक बाहेर, तसाच उड्या मारत आला आणि बोलला, "साहेबांची बदली झाली. आता मागून ओरडलं तरी काम होणार."

तो रडत होता आणि मी हसत होती. आईने असं हसायला नको, पोर रडतंय. पण मला थांबताच येईना. उचकी लागली. मग तो माझ्या तोंडाकडे बघायला लागला. गालांवर पाणी, आणि टक लावून बघत होता. त्याने ते कधी ऐकलंच नव्हतं ना.

डाळ कच्ची राहिली. तव्यावरची पोळी करपली. अर्धी पोळी पोळपाटावर तशीच पडून होती, लाटणं कुठे घरंगळलं ते सकाळी सापडलं.

धाकूकाका बोलले तुमच्या तेरा भागांमधला शेवटचा अजून लिहायचा आहे. हे घ्या. सगळं घ्या, सुदेशचं वाक्य पण. मी विचारलं त्याला, हो बोलला. सासू बोलली, माझा नाव घातलास तर साडी बरी नेसव.

खाली मीच लाल पेन्सिलने केल्या आहेत. दोन. या खऱ्या आहेत.

✓ ✓

संचिता